गाणे नेमके कुणाचे?

नर्सीला कयाधूच्या काठी उभा राहिलो की मला हटकून दूरच्या रिओ शहराची आठवण येते. तिथे १९१६ साली दोंगा नावाच्या संगीतकाराने एक सांबागीत स्वतःच्या नावावर नोंदवले. ‘हे तर सगळ्यांनी मिळून रचलेले!’ म्हणत सोबती भांडले. आपल्या हिंगोली जिल्ह्यातल्या संत नामदेवांचे (१२७०–१३५०) नेमके उलटे झाले. पुढच्या काळातल्या विष्णुदास नाम्याचे अभंगही त्यांच्याच नावावर चढले. अभ्यासक अजून ते निवडताहेत. पंजाबात मात्र गुरु ग्रंथसाहिबात नामदेवांची ६१ पदे जपली गेली. वाचकहो, मुलांना नामदेव सांगताना त्यांच्या नावाआड लपलेल्या त्या दुसऱ्या नाम्याचीही ओळख करून द्या. त्याचेही देणे आपण लागतो.