स्वखुशीने

16 नोव्हेंबरला आमच्या पेन्शन योजनेला 30 वर्षं झाली. आसनगावात कुणी पेढे वाटल्याचं ऐकिवात नाही. पाचच दिवसांनी, 21 नोव्हेंबर 2025 ला, नव्या कामगार संहिता लागू झाल्या आणि कारखाना बंद करताना सरकारची परवानगी घ्यायची अट 100 कामगारांवरून 300 वर गेली. पेपरात ती ओळ वाचली आणि चहा निवला. शंभराची अट होती तेव्हाही आम्हाला घालवलंच होतं. फक्त तेव्हा आमची सही तरी लागत होती.

1971 ची फॅमिली पेन्शन कामगार मेल्यावर बायकोच्या कामाची. 1995 ला नवी योजना आली. मालकाच्या हिश्शातले 8.33 टक्के फंडाऐवजी पेन्शनकडे वळू लागले. गेट मीटिंगा झाल्या, भाषणं झाली. खरं सांगायचं तर आमचं लक्ष तेव्हा बोनसकडे होतं.

मग आली ती व्हीआरएसची, म्हणजे स्वेच्छानिवृत्तीची वर्षं. कसारा लोकलच्या आमच्या डब्यात मेंढीकोटचे दोन डाव बसायचे. 2001 पर्यंत दुसऱ्या डावाला चौथा गडी मिळेना. वाशिंदचे दोघे, खर्डीचा एक, सगळे ठाण्याच्या कारखान्यांतले, एकेक करून 'सुटले'. शब्दही तोच, तुरुंगातून सुटावं तसा.

आमच्या कारखान्यात आधी बस बंद झाली, मग कँटीनचं जेवण. मग मशिनी हलल्या आणि आम्हाला रिकाम्या शेडमध्ये बाकड्यांवर बसवलं. आठ तास नुसतं बसायचं. ज्याने आयुष्यभर लेथ चालवली त्याला असं बसवून बघा, तिसऱ्या आठवड्यात तो स्वतःच फॉर्म मागतो. युनियनचे पुढारी म्हणाले, "घ्या, पुढे एवढंही मिळणार नाही." त्यांचं स्वतःचं किती ठरलं होतं ते आम्हाला पुढे कळलं. असो. माणूस गेला, आता काय बोलायचं.

जून 2002. टाइम ऑफिसात तीन प्रतींचा अर्ज. माझ्या शेजारी मुरबाडकडचा फिटर. पहाटेच्या एसटीने कल्याण गाठून फर्स्ट शिफ्टला यायचा, मुरबाडला रेल्वे तेव्हाही नव्हती. अर्ज हाताने लिहायचा होता. लिहिता लिहिता थांबला. "दादा, 'स्वखुशीने' लिहायलाच पाहिजे का?" समोरचे साहेब म्हणाले, "त्याशिवाय टॅक्स माफ नाही होणार." खोटं नव्हतं ते. पाच लाखांपर्यंत करमाफी होती, पण निवृत्ती ऐच्छिक हवी आणि रिकामी झालेली जागा पुन्हा भरायची नाही अशी अट होती. जागा भरली नाहीच. कंत्राटदाराची पोरं वर्षभरात तीच कामं करायला लागली, एवढंच.

त्या एका शब्दाने आमची पेन्शन ठरली. सरासरी पगार गुणिले नोकरीची वर्षं भागिले 70, असं हे गणित. पगार कितीही असो, हिशेबाला मर्यादा तेव्हा 6,500 ची. माझी 1995 नंतरची वर्षं भरली सात. म्हणजे 650 रुपये. 1983 पासूनच्या आधीच्या नोकरीचं जे काय धरतात ते मिळून बाराशेच्या आत-बाहेर, तेही अठ्ठावन्न पूर्ण झाल्यावर, 2018 पासून. तोवर सोळा वर्षं आम्ही ना कामगार ना पेन्शनर. पन्नाशीत मागितली तर दर वर्षामागे 3 टक्के कापून, 2008 च्या सप्टेंबरनंतर 4 टक्के. शेडमध्ये तग धरून अठ्ठावन्नपर्यंत टिकलेल्यांना तीन हजारांच्या वर मिळतात. पेन्शनच्या कागदावर 'घालवलेला' असा रकानाच नाही. गेलेली वर्षं कुणामुळे गेली हे सूत्र विचारत नाही.

मिळालेल्या पैशात माझ्या घराचा स्लॅब पडला आणि बहिणीचं लग्न झालं. उरलेले पोस्टात टाकेपर्यंत 2003 चा मार्च उजाडला आणि मासिक योजनेचं व्याज 8 टक्क्यांवर उतरलं. फिटरने काळीपिवळी जीप घेतली, ती तीन पावसाळे चालली. भातसा, तानसा ही धरणं आमच्या उशाशी आणि उन्हाळ्यात टँकरची वाट बघणारे आम्ही, त्यामुळे आपलंच साचलेलं दुसरीकडे वाहताना बघायची शहापूरकरांना सवय आहे.

पुढची वर्षं भराभर सांगतो. 2013 मध्ये कोश्यारी समितीने किमान 3,000 पेन्शनची शिफारस केली. 2014 मध्ये मिळाले 1,000. महागाई भत्ता शून्य. 2022 च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाचा वाढीव पेन्शनचा निकाल आला, पण पर्याय न देता 1 सप्टेंबर 2014 पूर्वी बाहेर पडलेल्यांना त्यात दार नव्हतं. पेन्शनरांचे पुढारी, बुलढाण्याचे कमांडर अशोक राऊत 7,500 आणि महागाई भत्ता मागत फिरतात. मीही एकदा मोर्चाला गेलो. पाठ धरली, एवढं आठवतं.

फिटर आता मुरबाडच्या एमआयडीसीत रात्रपाळीचा वॉचमन आहे. सहासष्टीत. फंड कापत नाहीत.

परवा त्याचा फोन आला. "दादा, पोराला कंपनीने कागद दिलाय, इंग्रजीत आहे. सही करायला सोमवारपर्यंत वेळ आहे. त्यात ते 'व्हॉलंटरी' कुठे लिहिलंय का, तेवढं बघ."

व्हॉट्सअ‍ॅपवर पाच पानं आली आहेत. चौथ्या पानावर घडी पडलीये, अक्षर लागत नाही. पुन्हा फोटो काढायला सांगितलंय.