दारं बंद करून दाखवलेलं युद्ध

नाझी जर्मनीच्या प्रचारपटांचा विषय निघाला की ‘ज्यू स्यूस’ आणि ‘कोलबर्ग’ ही नावं हमखास येतात. पण तिथल्या प्रेक्षकाच्या डोक्यात युद्ध भरवण्याचं रोजचं काम केलं ते एका वार्तापटानं. त्याचं नाव ‘डॉयचं वोखेनशाउ’. कथापट आवडला नाही तर टाळता येई. हा वार्तापट मात्र दर आठवड्याला, कुठल्याही प्रेमकथेच्या तिकिटावर, आधी बघावाच लागे.

युद्धापूर्वी उफा, टोबिस, फॉक्स अशा कंपन्यांचे वेगवेगळे वार्तापट निघत. जून १९४० मध्ये ते सगळे मोडून हा एकच ठेवला गेला. त्याला कच्चा माल पुरवत लष्कराच्या प्रचार तुकड्या. त्यांतले कॅमेरामन गणवेशातले सैनिक होते, आणि अनेकांच्या हाती म्युनिकच्या आर्नोल्ड आणि रिष्टर कंपनीचा, १९३७ साली आलेला ‘अ‍ॅरिफ्लेक्स’ असे. हातात धरून चालवता येणारा, आणि भिंगाला जे दिसतं तेच डोळ्याला दाखवणारा कॅमेरा. खंदकातून धावत चित्रण करता आलं ते त्यामुळे. चित्रण बहुधा मुकंच व्हायचं. तोफांचे धमाके, रणगाड्यांची घरघर बर्लिनमध्ये मागाहून चढवली जाई. मग निवेदक हॅरी गीझेचा करारी आवाज. १९४१ च्या उन्हाळ्यात रशियावर चाल झाल्यावर संगीतकार लिस्टच्या ‘ले प्रेल्यूद’मधली तुतारीही आली. बिचाऱ्या लिस्टला मरून तेव्हा ५५ वर्षं झाली होती!

कच्चं संकलन प्रचारमंत्री गोबेल्स स्वतः बघे, कापाकापी सांगे. बराच काळ हिटलरही अंक नजरेखालून घालत असे. मंत्र्यानं एवढा वेळ का द्यावा? कारण इथली बरीचशी दृश्यं खरी होती, आणि खऱ्या दृश्याला लावलेलं खोटं निवेदन सहज खपतं. खोटेपणा निवडीत असे. जर्मन सैनिकाचं प्रेत पडद्यावर जवळजवळ येतच नसे. उलट सोव्हिएत युद्धकैद्यांचे भुकेले, दाढी वाढलेले चेहरे मुद्दाम जवळून दाखवत आणि ‘ही बघा माणसं’ अशा सुरात त्यांची हेटाळणी करत. त्या कैद्यांपैकी ३० लाखांहून अधिक माणसं जर्मन ताब्यात मेली. ते पडद्यावर आलं नाही.

फ्रान्स पडला तेव्हा लोक वार्तापटासाठी गर्दी करत. जिंकण्यासारखं काही उरलं नाही तशी यंत्रणा लंगडी पडली. स्टालिनग्राडमधली जर्मन सैन्याची शरणागती दाखवायची कशी? फेब्रुवारी १९४३ मध्ये त्याऐवजी गोबेल्सचं ‘सर्वंकष युद्धा’चं भाषण आलं, टाळ्या वाजवणाऱ्या निवडक गर्दीत नट हाइनरिश गेऑर्गही दिसतो. लोक वार्तापट संपेपर्यंत थिएटरबाहेर रेंगाळतात, असं राजवटीचे गुप्त अहवालच सांगू लागले. त्यावर उपाय निघाला होता तो दारं लावून घेण्याचा. (सक्ती एकट्या हिटलरची नव्हे. इंग्रज सरकारनं १९४३ मध्ये भारतातही सरकारमान्य वार्तापट बंधनकारक केले आणि स्वातंत्र्यानंतर तीच प्रथा फिल्म्स डिव्हिजनकडे आली. फरक इतकाच, की आपल्याकडे बाहेर चहा पीत उभं राहता येई.) माझ्या मते गोबेल्सच्या कर्तबगारीचा गवगवा जरा जास्तच होतो. सैन्य जिंकत होतं तोवर त्याचा पडदा बोलका होता. पुढे त्याला कडी-कोयंडा लागला.

शेवटचा अंक, क्र. ७५५, २२ मार्च १९४५ चा. त्यात थकलेला हिटलर पोरसवदा मुलांना शौर्यपदकं देताना दिसतो.

वार्तापट बंद पडला, पण त्याची रिळं चलनात आहेत. आजच्या माहितीपटांत धावणारे जर्मन रणगाडे आणि सूर मारणारी स्टुका विमानं बऱ्याचदा इथूनच उचललेली असतात, नुसता निवेदकाचा आवाज बदललेला असतो. पुढच्या वेळी असा माहितीपट लागला, तर कॅमेरा कोणाच्या हातात होता एवढं जरूर बघा.