सायकल आपल्या मापाची

कावेरी आणि अरसलार या दोन नद्यांच्या काठी वसलेले कुंभकोणम हे तमिळनाडूतील एक प्राचीन मंदिरनगर. तेथून सुमारे ४० किलोमीटरवर असलेले तंजावर मराठी वाचकांना परिचित आहे ते व्यंकोजीराजांनी सतराव्या शतकात स्थापन केलेल्या आणि १८५५ पर्यंत टिकलेल्या भोसले घराण्याच्या राज्यामुळे. कावेरीच्या त्रिभुज प्रदेशातील ही भूमी भातशेतीची आणि जवळजवळ सपाट आहे. चढउतार नसल्यामुळे सायकलीला इतकी अनुकूल भूमी क्वचितच आढळेल.

तमिळनाडू शासनाने २००१-०२ मध्ये अनुसूचित जाती-जमातींच्या विद्यार्थिनींना विनामूल्य सायकली देण्यास प्रारंभ केला आणि २००५-०६ पासून शासकीय व अनुदानित शाळांमधील अकरावीच्या सर्वच मुलामुलींना या योजनेचा लाभ मिळू लागला. परंतु एका वर्गात पावणेपाच फुटांची मुलगी असते तशी साडेपाच फुटांचीही असते. सायकल मात्र दोघींना सारखीच मिळते. अशा वेळी सायकल आणि शरीर यांची सांगड कशी घालावी, हा प्रश्न त्या विद्यार्थिनींइतकाच दुकानात जाऊन सायकल विकत घेणाऱ्यांनाही लागू पडतो.

पुदुकोट्टैचा अनुभव

तंजावरला लागून असलेल्या पुदुकोट्टै जिल्ह्यात १९९१ च्या सुमारास साक्षरता चळवळीचा एक भाग म्हणून ग्रामीण स्त्रिया मोठ्या संख्येने सायकल शिकल्या. त्या वेळी लेडीज सायकलींचा तुटवडा पडला आणि अनेकींनी पुरुषांच्या सायकली घेतल्या. पुढच्या आडव्या दांडीवर मूल बसवता येते, म्हणून काहींना त्याच अधिक सोयीच्या वाटल्या. त्यांच्या जिद्दीचे कौतुक करावे तेवढे थोडेच. तथापि त्यामागील अडचणही समजून घेतली पाहिजे. जुन्या धाटणीच्या बावीस इंची सायकलीची दांडी जमिनीपासून ८० सेंटिमीटरहून अधिक उंच असते. पाच फूट उंचीच्या व्यक्तीचे पाय या दांडीच्या दोन्ही बाजूंना जमिनीवर नीट टेकत नाहीत. अचानक थांबण्याचा प्रसंग आल्यास तोल जाण्याची भीती असते.

उंची एकच, माप निराळे

दुकानात ग्राहक आपली उंची सांगतो आणि दुकानदार ‘सव्वीस इंची घ्या’ असे सुचवतो. येथे पहिला घोटाळा होतो. छोट्या मुलांच्या सायकली आणि गिअरच्या सायकली सांगताना इंच हे बहुधा चाकाचे माप असते, तर जुन्या काळ्या सायकलीला ‘बावीस इंची’ म्हणताना ते सांगाड्याचे, म्हणजे फ्रेमचे माप असते. शरीराशी खरा संबंध फ्रेमचा येतो. म्हणून सांगितलेले माप चाकाचे की फ्रेमचे, हे प्रथम विचारून घ्यावे.

दुसरा घोटाळा उंचीचा. कुंभकोणमजवळच्या स्वामिमलै गावातील स्थपती पंचधातूची मूर्ती घडवण्यापूर्वी नारळाच्या झावळीची पट्टी मूर्तीच्या उंचीइतकी कापतात आणि तिला घड्या घालून प्रत्येक अवयवाचे प्रमाण निश्चित करतात. केवळ एकूण उंचीवरून मूर्ती घडत नाही. तिचे भाग ठरवावे लागतात. सायकलीचेही तसेच आहे. दोघांची उंची १६० सेंटिमीटर असली, तरी एकाच्या पायांची लांबी ७२ आणि दुसऱ्याच्या पायांची ७६ सेंटिमीटर असू शकते.

माप घेण्याची रीत

अनवाणी, भिंतीला पाठ टेकून उभे राहावे. दोन्ही पायांमध्ये एक जाड वही उभी धरून, सीटवर बसल्यावर जाणवेल इतपत ती वर दाबावी. वहीच्या वरच्या कडेपासून जमिनीपर्यंतचे अंतर म्हणजे पायाचे माप. या मापाला ०.८८३ ने गुणल्यास पायडलच्या मधल्या आसापासून सीटच्या माथ्यापर्यंतची अंदाजे उंची मिळते. ७२ सेंटिमीटरच्या पायासाठी ती सुमारे ६३.५ आणि ७६ साठी सुमारे ६७ सेंटिमीटर येते. उंची समान असूनही सीटमध्ये साडेतीन सेंटिमीटरचा फरक पडतो तो असा.

आकडेमोड नको असल्यास सोपी परीक्षा आहे. सायकल कोणी धरून ठेवावी, सीटवर बसावे आणि पायडल सर्वांत खाली असताना त्यावर टाच ठेवावी. पाय सरळ झाला पाहिजे. मग चवडा पायडलवर ठेवला की गुडघा किंचित वाकलेला राहतो. सीट फार खाली असल्यास गुडघ्याच्या पुढच्या भागावर ताण येतो. फार वर असल्यास कंबर डावी-उजवीकडे झुलते आणि गुडघ्यामागे दुखू लागते. नवशिक्याने मात्र सराव होईपर्यंत सीट थोडी खालीच ठेवावी.

खरेदीच्या वेळी आणखी तीन गोष्टी पाहाव्यात. दांडीच्या दोन्ही बाजूंना पाय टेकवून उभे राहिल्यास शरीर आणि दांडी यांत दोन ते पाच सेंटिमीटर मोकळी जागा असावी. हँडल धरताना कोपर किंचित वाकलेले असावेत आणि बोटे ब्रेकपर्यंत सहज पोचावीत. सीट वर घेताना तिच्या नळीवरील मर्यादेची खूण फ्रेमच्या आतच राहावी. ती बाहेर आल्यास नळी वाकण्याचा किंवा तुटण्याचा धोका असतो. सीट वर नेऊनही मर्यादेच्या आत माप जुळत नसेल, तर ती फ्रेम आपल्यासाठी लहान आहे असे समजावे.

वाढत्या अंगाची सायकल?

आपल्याकडे मुलांचे गणवेश वाढत्या अंगाचे शिवण्याची रीत आहे. काटकसरीच्या दृष्टीने ती योग्यच. पण हाच नियम सायकलीला लावणे हिताचे नाही. सैल सदऱ्याने मूल पडत नाही, मोठ्या सायकलीवरून पडते. पाय पुरत नाहीत, ब्रेक हाती येत नाही आणि धास्तावलेले मूल सायकल कोपऱ्यात टाकून देते. वाचवलेले पैसे अशा रीतीने वायाच जातात. सीटवर बसल्यावर दोन्ही पायांचे चवडे जमिनीला टेकतील अशी, आजच्या उंचीची सायकल घ्यावी. सीट वर घेण्यास वाव असेल, तर तीच पुढे काही वर्षे पुरते. लहान झालेली सुस्थितीतील सायकल धाकट्या भावंडाला देता येते किंवा विकता येते.

आयती मिळालेली सायकल बदलून घेता येत नाही, हे खरे. परंतु सीटचा बोल्ट सैल करून ती योग्य उंचीवर बसवणे, हँडल थोडे वर-खाली करणे आणि दोन्ही पुन्हा घट्ट आवळणे यासाठी एक पान्हा आणि दहा मिनिटे पुरेशी असतात. घरातील वडीलधाऱ्यांनी एवढी दहा मिनिटे काढली, तर शाळेची वाट मुलांसाठी अधिक सुरक्षित आणि सुखकर होईल.