गागोदे नेमकं कुठल्या बायोममध्ये येतं?

पीएचडीच्या पहिल्या सादरीकरणात मला विचारलेला पहिला प्रश्न अगदी साधा होता. "तुमचा अभ्यासप्रदेश कुठल्या बायोममध्ये येतो?" माझ्या नकाशाच्या मध्यभागी पेण तालुक्यातलं गागोदे बुद्रुक होतं. विनोबांचं जन्मगाव म्हणून तुम्ही नाव ऐकलं असेल. मी पाठ केलेलं उत्तर दिलं: सरासरी तापमान २६-२७ अंश, पाऊस साधारण ३,००० मिलिमीटर, म्हणजे उष्णकटिबंधीय वर्षावन. लगेच दुसरा प्रश्न आला: "मग फेब्रुवारीत तिथली सावर निष्पर्ण का असते?"

मी गप्प. उत्तर पाठ होतं, पण सावर डोळ्यांसमोर नव्हती.

तुम्ही पर्यावरणशास्त्र, वनस्पतिशास्त्र किंवा भूगोलात संशोधनाची तयारी करत असाल, तर हा प्रश्न तुम्हालाही कधीतरी विचारला जाणार. म्हणून माझी चूक कुठे झाली, ते नीट उलगडून सांगते.

आधी तीन शब्द वेगळे करा

बायोम म्हणजे जीवसंहती. ही मोठी चौकट, मुख्यतः हवामानावरून ठरणारी: वर्षावन, पानझडी वन, सॅव्हाना, वाळवंट. परिसंस्था म्हणजे एखाद्या ठिकाणचे सजीव, तिथली माती, पाणी, आणि त्यांच्यातली ऊर्जेची व पोषकद्रव्यांची देवाणघेवाण. तिचा आकार ठरलेला नसतो. एक तळंही परिसंस्था असतं आणि अख्खी खाडीही. अधिवास हा शब्द एखाद्या प्रजातीच्या बाजूने वापरायचा. खेकड्याचा अधिवास चिखल, धनेशाचा अधिवास जुनी ढोलीची झाडं.

सिनॉप्सिसमध्ये हे तिन्ही शब्द एकमेकांच्या जागी वापरले की परीक्षकाला पहिल्याच पानावर कळतं.

बेरीज फसवते, महिने सांगतात

व्हिटेकर यांचा प्रसिद्ध आलेख तुम्ही पाहिला असेल. एका अक्षावर वार्षिक सरासरी तापमान, दुसऱ्यावर वार्षिक पाऊस, आणि मध्ये रंगीत पट्टे. जागतिक पातळीवर तो उपयोगी आहेच. पण त्यात 'केव्हा' हा प्रश्न नाही.

सिंगापूर घ्या. तिथे वर्षाला साधारण २,१०० ते २,४०० मिलिमीटर पाऊस पडतो, म्हणजे रायगडपेक्षा कमी. तरी तिथलं मूळ जंगल सदाहरित वर्षावन, कारण पाऊस बारा महिने विभागलेला आहे. आपल्याकडे जवळजवळ सगळा पाऊस जून ते सप्टेंबरमध्ये कोसळतो, ऑक्टोबरात थोडा होतो आणि मग संपतो. जुलैत पडलेलं जास्तीचं पाणी झाडाला एप्रिलमध्ये कामाला येत नाही. ते ओढ्यातून खाडीला गेलेलं असतं.

हे मोजायची एक सोपी रीत आहे. बॅन्यूल्स आणि गॉसेन या फ्रेंच शास्त्रज्ञांनी १९५३ मध्ये ती मांडली. एखाद्या महिन्याचा पाऊस (मिलिमीटरमध्ये) त्या महिन्याच्या सरासरी तापमानाच्या (अंश सेल्सिअसमध्ये) दुपटीपेक्षा कमी असेल, तर तो महिना कोरडा समजायचा. तापमान २६ अंश, तर सीमारेषा ५२ मिलिमीटर. उत्तर कोकणाला हे लावून पाहा. नोव्हेंबर ते मे, तब्बल सात महिने कोरडे निघतात. पश्चिम घाटात दक्षिणेकडे जाताना हे कोरडे महिने कमी होत जातात. म्हणूनच केरळातलं आणि रायगडातलं जंगल एकाच डोंगररांगेत असूनही वेगळं दिसतं.

पाण्याअभावी पान टिकवणं झाडाला महाग पडतं, म्हणून ते पान गाळतं. चॅम्पियन आणि सेठ यांच्या १९६८ च्या वर्गीकरणाप्रमाणे या टापूतलं मुख्य वन 'आर्द्र पानझडी' आहे, वर्षावन नाही. सावरीने मला हेच सांगितलं असतं, मी विचारलं असतं तर.

एक रेषा ओढा आणि चालत जा

आता नकाशावर धरमतरच्या खाडीपासून पूर्वेला घाटमाथ्यापर्यंत रेषा ओढा. सरळ अंतर फार तर ४० किलोमीटर. संशोधनाच्या भाषेत हा ट्रान्सेक्ट. त्यावर काय काय लागतं ते बघा.

खाडीकाठी तिवर, चिपी, कांदळ, मारांडी. इथे पावसापेक्षा मीठ आणि भरती-ओहोटी महत्त्वाची. तिवराचं पान जिभेला लावून बघा, खारट लागतं. झाड जास्तीचं मीठ पानावाटे बाहेर टाकतं. कांदळ मात्र बरंचसं मीठ मुळांशीच अडवतं. अडचण एक, पण तोडगे दोन.

मग खारजमीन. समुद्राचं पाणी बांध घालून अडवायचं, पावसाच्या पाण्याने मीठ धुऊन काढायचं आणि भात लावायचा. ही माणसाने घडवलेली परिसंस्था आहे. पनवेलच्या खारजमीन संशोधन केंद्राने क्षार सोसणारी पनवेल-१, पनवेल-२ अशी भाताची वाणं दिली, ती याच जमिनींसाठी.

त्यानंतर गोड्या पाण्यावरची भातखाचरं. मग डोंगरउतारावरचं पानझडी वन: साग, ऐन, किंजळ, पळस, पांगारा. पण त्याच उतारावर ओहोळाच्या कडेला जांभूळ आणि करंज भर उन्हाळ्यातही हिरवे दिसतील. हवामान तेच, पण मुळांना पाणी मिळत असल्याने त्यांच्यासाठी कोरडे महिने कमी. जिथे कातळ उघडा आहे तिथे उलट: पाऊस भरपूर, माती बोटभर, म्हणून झाडाऐवजी गवत आणि पावसाळी फुलं.

घाटमाथ्यावर गारवा, धुकं आणि जिथे माती खोल तिथे जांभूळ, अंजनी, पिसा यांची सदाहरित रानं. माथेरानला हे सहज पाहता येतं. आणि माथा ओलांडून पन्नासेक किलोमीटर गेलं की पुणे, वार्षिक पाऊस जेमतेम ७०० मिलिमीटर. लोणावळ्याला ४,००० च्या आसपास.

पाठ्यपुस्तकात अशा विविधतेसाठी कोस्टारिकाचं उदाहरण हमखास असतं. महाराष्ट्राच्या सहाव्या हिश्श्याएवढा देश, पण डोंगराच्या एका बाजूला ओलं वर्षावन आणि पॅसिफिककडच्या वायव्य भागात कोरडं पानझडी वन. उदाहरण चांगलंच आहे. पण तेच तत्त्व पेणहून एसटीने फिरून शिकता येतं.

दिसतं ते हवामानाचंच असेल असं नाही

इथे दुसरा सापळा आहे. डोंगरावर ऐनाची ठेंगणी, फांद्या छाटलेली झाडं दिसली, तर 'माती निकस असावी' असा निष्कर्ष काढू नका. गावात कुणाला तरी राबाबद्दल विचारा. भाताचं रोप करण्याआधी वाफ्यावर टाळ, पालापाचोळा, गवत पसरून भाजायची ही कोकणातली जुनी रीत. त्या टाळासाठी वर्षानुवर्षं झाडं छाटली गेली. दळीच्या जमिनींवर नाचणी-वरी पिकली. वणवे लागले. आजचं रान ही हवामान आणि माणूस यांची एकत्र कमाई आहे.

मग मूळ रान कसं असावं याचा अंदाज कशावरून घ्यायचा? अनेकदा देवराईवरून. माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक यांनी १९७० च्या दशकात महाराष्ट्रातल्या देवरायांवर केलेलं काम त्यासाठी वाचाच. पण देवराईसुद्धा बहुतेकदा झऱ्यापाशी, खोल मातीवर असते. म्हणजे तीही डोळे झाकून 'नमुना' म्हणून घेता येत नाही.

उपग्रहचित्रांचंही तसंच. सेंटिनेल-२ चा डेटा फुकट आहे, १० मीटरपर्यंतचा तपशील आहे, म्हणून आपण भराभर उतरवून घेतो. पण एप्रिलच्या चित्रात पानझडी वन उजाड वाटतं आणि ऑगस्टच्या चित्रात भातखाचर जंगलाइतकं हिरवं. पावसाळ्यात ढग आड येतात ते वेगळंच. किमान तीन ऋतूंची चित्रं घ्या, आणि कुठल्या तारखेची घेतली ते प्रबंधात लिहा.

नावात एवढं काय आहे?

खूप काही. नकाशावर आपण जे नाव लिहितो, त्यावरून पुढे निर्णय होतात. कातळावरच्या गवताळ भागाला 'पडीक' म्हटलं की तिथे खड्डे खणून झाडं लावली जातात. जयश्री रत्नम, महेश शंकरन आणि सहकाऱ्यांचा २०११ चा शोधनिबंध याच मुद्द्यावर आहे: सॅव्हानाला 'बिघडलेलं जंगल' समजलं, तर तिचं संवर्धन नव्हे, नुकसान होतं.

खाडीकाठचं उदाहरण मला जास्त अस्वस्थ करतं. खारबंदिस्तीला खांड पडली, ती वेळेवर बुजवली गेली नाही, की भरतीचं पाणी शेतात शिरतं. काही वर्षांत तिथे तिवरं उभी राहतात. उपग्रहाला दिसतं, 'कांदळवनात वाढ'. हे खोटं नाही. पण सातबाऱ्यावर ती भातशेती आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या २००५ आणि २०१८ च्या आदेशांनंतर, मालकी कुणाचीही असो, कांदळवन तोडता येत नाही. आणि तसं संरक्षण हवंच, नाहीतर खाडी उरणार नाही. पण तुमच्या तक्त्यातला एक हिरवा चौकोन म्हणजे कुणाचं तरी बुडालेलं शेत असू शकतं. दोन्ही गोष्टी लिहिणं हे तुमचं काम. 'क्षेत्र वाढलं' एवढंच लिहून थांबलात, तर आकडा बरोबर आणि संशोधन अर्धवट.

म्हणून सिनॉप्सिस लिहिण्याआधी एवढं करा. जवळच्या हवामान केंद्राचे महिनावार आकडे घेऊन कोरडे महिने मोजा. अभ्यासप्रदेशात मे महिन्यात एकदा आणि ऑगस्टमध्ये एकदा चालून या. आणि वर्गीकरणाचं नाव लिहिण्याआधी त्या जागेला तिथले आगरी, कातकरी, ठाकूर लोक काय म्हणतात ते विचारा. खाजण, खार, माळ, राई, दळी: प्रत्येक शब्दात माती, पाणी आणि वापर यांची माहिती आधीच भरलेली आहे.

पुढच्या सादरीकरणात तोच प्रश्न पुन्हा आला. या वेळी मी म्हटलं, "हवामानाने आर्द्र पानझडी वनाच्या पट्ट्यात. पण माझ्या चाळीस किलोमीटरच्या रेषेवर निदान सहा परिसंस्था आहेत, आणि त्यातल्या दोन माणसाने घडवलेल्या." मग त्यांनी विचारलं, "त्या दोन कुठल्या?" आणि खरी चर्चा तिथून सुरू झाली.