गुंठा तेहतीस फुटांचाच का?

३३ फूट लांब, ३३ फूट रुंद म्हणजे एक गुंठा, १०८९ चौरस फूट. आणि ४० गुंठ्यांचा एकर. गावाकडे एवढं सगळ्यांना तोंडपाठ असतं. पण हे ३३ आले कुठून?

१६२० च्या सुमारास एडमंड गंटर या इंग्रज गणितज्ञाने जमीन मोजायला ६६ फुटांची, १०० कड्यांची साखळी बनवली. एकर म्हणजे दहा साखळ्या लांब आणि एक साखळी रुंद. त्यामुळे लांबी-रुंदी कड्यांत मोजायची, गुणाकार करायचा आणि उत्तरातले शेवटचे पाच अंक दशांशचिन्हाच्या उजवीकडे टाकायचे, की झाले एकर. भागाकार करायलाच नको. शेतात उभ्याने हिशेब करणाऱ्यासाठी इतकी देखणी सोय क्वचितच कुणी केली असेल.

मुंबई इलाख्यात १८३५ च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट या ब्रिटिश अधिकाऱ्यांनी इंदापूर तालुक्यातून नवी मोजणी सुरू केली. तोवर जमीन काठीने, बिघ्यांत मोजत, आणि काठीची लांबी मुलखागणिक बदले. इलाख्याच्या मोजणीत साखळी निम्मी, ३३ फुटांची झाली आणि तिचे १६ आणे पडले. रुपयाचे आणे मोजणाऱ्याला हे समजायला वेळ लागणार नव्हता. या साखळीएवढ्या बाजूचा चौकोन म्हणजे गुंठा. ६६ फुटी चौकोनात असे चार गुंठे बसतात, आणि दहा चौकोनांचा एकर. ४० गुंठे होतात ते असे.

पुढे मेट्रिक पद्धत आली, सातबाऱ्यावर हेक्टर-आर आले. एक आर १०० चौरस मीटर, तर गुंठा १०१.१७. फरक इतका थोडा, की लोक आरलाच सर्रास गुंठा म्हणतात. लहान जागेत ते खपून जातं, शेतात नाही.

समजा, उताऱ्यावर क्षेत्र १.२०.५० आहे. म्हणजे १ हेक्टर, २० आर, ५० चौरस मीटर. आरला गुंठा धरलं तर साडेएकशेवीस गुंठे, तीन एकरांच्या वर. खरा हिशेब असा: एकूण १२,०५० चौरस मीटर, भागिले १०१.१७, उत्तर सुमारे ११९.१. म्हणजे २ एकर ३९ गुंठे आणि थोडं. तीन एकर भरतच नाहीत! मधल्या मध्ये सुमारे १५०० चौरस फूट गेले, आणि गुंठ्यावर भाव ठरलेल्या व्यवहारात त्यांचेही पैसे मोजावे लागतात. म्हणून बोली गुंठ्यांत झाली, तरी इसार देण्याआधी उताऱ्यावरच्या चौरस मीटरला १०१.१७ ने भागून बघावं.