मढ्याजवळचं हसू

मयताच्या घरी हसू नये, असं आमच्या डहाणूच्या आगरात वडीलधारी सांगतात. कथासंग्रहांत मात्र तिथंच हसू फुटतं. मेलेल्याची भूक संपते, जित्याची नाही. विनोद तिथून येतो.

प्रेमचंदांच्या ‘कफन’मध्ये बापलेक सुनेच्या कफनासाठी जमवलेले पैसे दारूत उडवतात. अण्णा भाऊ साठे (१९२०-१९६९) यांच्या ‘स्मशानातील सोनं’मधला भीमा खाण बंद पडल्यावर बायकोमुलीसाठी मढी उकरतो. एका प्रेताच्या जबड्यात बोटं अडकतात, ती गमवावी लागतात. अन् बंद खाण नेमकी तेव्हाच सुरू होते!

हा विनोद मला ‘कफन’हून कडू वाटतो. घिसू-माधव पक्के कामचुकार. भीमाला काम हवं होतं, आणि ते आलं तेव्हा दगड फोडायला त्याचा हात उरला नव्हता.