सोळा एकरांचा हिशेब : वर्ल्ड ट्रेड सेंटर

न्यूयॉर्कमधील मॅनहॅटन बेटाच्या दक्षिण टोकाला, हडसन नदीपासून जवळच, सोळा एकरांचा एक भूखंड आहे. साठ वर्षांच्या आत या भूखंडावरून एक गजबजलेली बाजारपेठ उठवली गेली, तेथे जगातील सर्वांत उंच दोन इमारती उभ्या राहिल्या, एका सकाळी त्या पावणेदोन तासांत जमीनदोस्त झाल्या आणि पुढे तेथेच नवे संकुल आकाराला आले. वर्ल्ड ट्रेड सेंटर म्हटले की ११ सप्टेंबर २००१ हा एकच दिवस आठवतो. व्यापार करणाऱ्या कुटुंबांनी मात्र त्या दिवसाच्या आधीचा आणि नंतरचा इतिहासही जाणून घ्यावा असा आहे. जागा, भाडेपट्टा, कर्ज, विमा आणि माणसांविषयीची जबाबदारी या नित्याच्या गोष्टी त्यात ठळकपणे दिसतात.

रेडिओ रो

मनोऱ्यांच्या आधी त्या ठिकाणी ‘रेडिओ रो’ नावाची बाजारपेठ होती. कोर्टलँड स्ट्रीट आणि आसपासच्या गल्ल्यांत १९२० च्या दशकापासून रेडिओचे संच, व्हॉल्व्ह, तारा व सुटे भाग विकणारी दुकाने थाटली गेली होती. दुसऱ्या महायुद्धानंतर लष्कराचे उरलेले विद्युत साहित्यही तेथे विक्रीला येऊ लागले. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडची आठवण व्हावी असा तो बाजार होता.

१९५० च्या दशकाच्या अखेरीस चेस मॅनहॅटन बँकेचे डेव्हिड रॉकफेलर यांनी दक्षिण मॅनहॅटनच्या पुनरुज्जीवनाचा आग्रह धरला. त्यांचे बंधू नेल्सन रॉकफेलर त्या वेळी न्यूयॉर्क राज्याचे गव्हर्नर होते. प्रकल्पाची जबाबदारी पोर्ट ऑथॉरिटीकडे आली. १९२१ मध्ये स्थापन झालेली ही न्यूयॉर्क आणि न्यू जर्सी या दोन राज्यांची संयुक्त संस्था पूल, बोगदे, बंदरे व विमानतळ चालवते. तिची आर्थिक रचना बँकिंगच्या अभ्यासकाला रस वाटावी अशी आहे. ती कर वसूल करत नाही. पूल व बोगद्यांवरील पथकर आणि अन्य उत्पन्नाच्या बळावर ती कर्जरोखे काढते. आरंभी प्रकल्प बेटाच्या पूर्व बाजूस होणार होता. पण मान्यता देण्यापूर्वी न्यू जर्सीने आपल्या प्रवाशांची डबघाईला आलेली रेल्वे पोर्ट ऑथॉरिटीने ताब्यात घ्यावी अशी अट घातली. त्या रेल्वेचे स्थानक पश्चिमेला असल्याने प्रकल्प पश्चिमेला सरकला आणि रेडिओ रो त्याच्या आड आली.

तीनशेहून अधिक दुकाने उठणार होती. बहुतेक दुकानदार भाडेकरू होते. सक्तीच्या भूसंपादनात मोबदला मिळतो तो जमीनमालकाला. वर्षानुवर्षे जोडलेल्या गिऱ्हाइकाला आणि पेढीच्या नावाला कायद्याच्या लेखी किंमत नसते. ऑस्कर नॅडेल या दुकानदाराच्या पुढाकाराने व्यापारी संघटित झाले. त्यांनी ‘छोटा व्यापारी’ म्हणून एक पुतळा शवपेटीत ठेवून मिरवणूकही काढली. प्रकरण न्यायालयात गेले. व्यापारी केंद्र हे सार्वजनिक प्रयोजन ठरते, असा निर्णय १९६३ मध्ये राज्याच्या सर्वोच्च अपील न्यायालयाने दिला आणि १९६६ मध्ये पाडकाम सुरू झाले. जागतिक व्यापाराच्या नावाने उभ्या राहिलेल्या या वास्तूची पहिली किंमत छोट्या व्यापाऱ्यांनी मोजली.

मनोरे

वास्तुरचनाकार म्हणून मिनोरू यामासाकी यांची निवड झाली. जपानी वंशाच्या या अमेरिकी कलावंताला स्वतःलाच उंचीची भीती वाटे. म्हणून त्यांनी खिडक्या अवघ्या दीड फूट रुंदीच्या ठेवल्या. लेस्ली रॉबर्टसन हे रचना अभियंता होते. बाहेरच्या भिंतीतच पोलादी खांबांची दाट रांग आणि मध्यभागी खांबांचा गाभा, अशी रचना असल्याने मधली जवळजवळ एक एकराची जागा प्रत्येक मजल्यावर मोकळी मिळाली. भाडे चौरस फुटांवर येते हे लक्षात घेतले, तर या रचनेमागचा व्यवहार कळतो. उद्‌वाहकांचाही असाच विचार झाला. जलद उद्‌वाहक माणसांना ४४ व्या किंवा ७८ व्या मजल्यावर सोडत आणि तेथून पुढे स्थानिक उद्‌वाहक नेत. त्यामुळे उद्‌वाहकांच्या मार्गांत जाणारी जागा वाचली.

पाया खणताना नदीच्या पाण्याचा प्रश्न होता. त्यासाठी जमिनीत खोल खंदक खणून काँक्रीटची जाड भिंत ओतण्यात आली. उकरलेल्या मातीने नदीत भराव घालून जवळच नवी जमीन तयार झाली. त्यावर पुढे बॅटरी पार्क सिटीचा भाग वसला. १९७० च्या अखेरीस उत्तर मनोऱ्यात पहिले भाडेकरू आले आणि ४ एप्रिल १९७३ रोजी संकुलाचे औपचारिक उद्‌घाटन झाले. दोन्ही मनोरे ११० मजल्यांचे होते. उत्तर मनोरा ४१७ मीटर आणि दक्षिण मनोरा ४१५ मीटर उंच होता. लवकरच शिकागोच्या सिअर्स टॉवरने उंचीचा विक्रम मोडला.

आरंभीची वर्षे सुखाची नव्हती. मोठा भाग राज्य सरकारच्या कचेऱ्यांनी भाड्याने घेऊन भरून काढला होता. हळूहळू रोखे दलाल, बँका आणि विमा कंपन्या आल्या. २६ फेब्रुवारी १९९३ रोजी तळघरातील वाहनतळात दहशतवाद्यांनी ट्रकमधील बॉम्बचा स्फोट घडवला. सहा जण ठार आणि हजारांहून अधिक जखमी झाले. दुरुस्तीनंतर मनोरे पुन्हा कामाला लागले.

सात आठवड्यांचा भाडेपट्टा

२४ जुलै २००१ रोजी पोर्ट ऑथॉरिटीने हे संकुल ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने लॅरी सिल्व्हरस्टीन यांच्या समूहाला दिले. व्यवहाराचे मूल्य ३२० कोटी डॉलर होते आणि त्यातील फार मोठा वाटा कर्जाचा व अन्य गुंतवणूकदारांचा होता. कर्ज देणाऱ्या संस्थांच्या आग्रहामुळे विम्याची रक्कम वाढवून ‘प्रत्येक घटनेस ३५५ कोटी डॉलर’ अशी ठरली. सुमारे दोन डझन कंपन्यांनी ही जोखीम वाटून घेतली. त्यांतील बहुतेकांची अंतिम पॉलिसी तयार झाली नव्हती. आपल्याकडे ज्याला कव्हर नोट म्हणतात तशा तात्पुरत्या कागदांवर सह्या झाल्या होत्या. त्यानंतर अवघ्या सात आठवड्यांत तो दिवस उजाडला.

तो मंगळवार

११ सप्टेंबर २००१ रोजी सकाळी ८ वाजून ४६ मिनिटांनी अपहरण केलेले पहिले विमान उत्तर मनोऱ्यावर आदळले. ९ वाजून ३ मिनिटांनी दुसरे दक्षिण मनोऱ्यात घुसले. आघाताने अनेक खांब तुटले, पोलादावरील अग्निरोधक लेप उडाला आणि आगीच्या उष्णतेने उरलेली रचना खचत गेली. ९ वाजून ५९ मिनिटांनी दक्षिण आणि १० वाजून २८ मिनिटांनी उत्तर मनोरा कोसळला. सायंकाळी सात क्रमांकाची इमारतही पडली. न्यूयॉर्कमध्ये २,७५३ जणांचे प्राण गेले. त्यांत ३४३ जण अग्निशमन दलाचे होते. मृतांमध्ये अनेक देशांचे नागरिक होते, भारतीयही होते.

या दिवसातील दोन पेढ्यांचे वृत्त सांगण्याजोगे आहे. मॉर्गन स्टॅन्ले ही दक्षिण मनोऱ्यातील सर्वांत मोठी भाडेकरू होती. तिचे सुरक्षाप्रमुख रिक रेस्कोर्ला यांनी १९९३ नंतर कर्मचाऱ्यांकडून जिने उतरण्याचा सराव नियमितपणे करून घेतला होता. कामाचा खोळंबा होतो म्हणून कुरकुर होई, पण त्यांनी सराव सोडला नाही. त्या सकाळी आपापल्या जागी थांबण्याची सूचना झाली असतानाही त्यांनी सर्वांना खाली उतरवले. सुमारे २,७०० कर्मचाऱ्यांपैकी जवळपास सारे वाचले. मागे कोणी राहिले का हे पाहण्यासाठी पुन्हा वर गेलेले रेस्कोर्ला परतले नाहीत.

कँटर फिट्झजेराल्ड ही सरकारी रोख्यांची मोठी दलाल पेढी उत्तर मनोऱ्याच्या १०१ ते १०५ या मजल्यांवर होती. खाली जाण्याचे सर्व मार्ग तुटल्याने तिचे ६५८ कर्मचारी गेले. प्रमुख हॉवर्ड लटनिक त्या सकाळी मुलाला शाळेत सोडायला गेले म्हणून वाचले. त्यांचा भाऊ मात्र कचेरीत होता. रोखे बाजार दोन दिवसांनी उघडला तेव्हा ही पेढी लंडनच्या कचेरीच्या आणि अन्यत्र राखलेल्या संगणक यंत्रणेच्या आधारे व्यवहाराला उभी राहिली. लटनिक यांनी मृत कर्मचाऱ्यांचे पगार थांबवले तेव्हा त्यांच्यावर कठोर टीका झाली. पेढी बुडाली तर कुटुंबांना काहीच देता येणार नाही, अशी त्यांची भूमिका होती. पुढे त्यांनी पाच वर्षांच्या नफ्यातील पंचवीस टक्के वाटा आणि दहा वर्षांचा आरोग्य विमा या कुटुंबांना देण्याचे जाहीर केले आणि ते पाळले. या मार्गाने सुमारे १८ कोटी डॉलर कुटुंबांपर्यंत पोहोचले.

ढिगाऱ्याखाली आणखी एक ठेव होती. चार क्रमांकाच्या इमारतीखालील बँक ऑफ नोव्हा स्कॉशियाच्या तिजोरीत सुमारे २० कोटी डॉलरचे सोने-चांदी होते. त्याच शरद ऋतूत ते सुखरूप बाहेर काढण्यात आले. नदीला अडवणारी काँक्रीटची भिंतही टिकली. ती खचली असती तर रेल्वेच्या बोगद्यांत पाणी शिरण्याचा धोका होता.

एक घटना की दोन?

विम्याचा वाद एका शब्दावर अडला. दोन विमाने, दोन मनोरे आणि सतरा मिनिटांचे अंतर, ही एक घटना की दोन? एक असेल तर भरपाईची मर्यादा ३५५ कोटी डॉलर. दोन असतील तर दुप्पट. सिल्व्हरस्टीन म्हणत, दोन. कंपन्या म्हणत, कट एक, म्हणून घटना एक.

उत्तर कागदपत्रांत शोधावे लागले. ज्या कंपन्यांनी दलालाच्या नमुना पॉलिसीवर व्यवहार केला होता, त्या नमुन्यात ‘घटना’ या शब्दाची व्याख्या होती : एकाच कारणाने किंवा समान कारणांच्या मालिकेने झालेली सर्व हानी म्हणजे एक घटना. या कंपन्यांना २००४ च्या पहिल्या निकालात एकाच घटनेची भरपाई लागू झाली. उरलेल्या नऊ कंपन्यांच्या कागदांत अशी बांधलेली व्याख्या नव्हती. त्याच वर्षाच्या अखेरीस ज्यूरीने त्यांच्या बाबतीत घटना दोन ठरवल्या. एकाच सकाळची हानी काही कंपन्यांच्या खात्यावर एक आणि काहींच्या खात्यावर दोन अशी नोंदली गेली. २००७ मध्ये अखेरची तडजोड झाली तेव्हा एकूण भरपाई सुमारे ४५५ कोटी डॉलरवर पोहोचली होती. मधल्या काळात इमारती नसतानाही भाडेपट्ट्याचे वर्षाकाठी १० कोटी डॉलरहून अधिक भाडे चालूच होते. आपल्या दुकानाच्या किंवा गोदामाच्या पॉलिसीतील व्याख्यांचे पान अनेकांनी उघडूनही पाहिलेले नसते; त्यांनी हा निकाल ध्यानात ठेवावा.

पुनर्निर्माण

सुमारे १८ लाख टन ढिगारा उपसण्याचे काम मे २००२ अखेर संपले. त्यानंतर प्रश्न उभा राहिला तो जागेच्या हक्काचा. मृतांच्या आप्तांना ती स्मृतिभूमी हवी होती, भाडेपट्टाधारकाला एक कोटी चौरस फुटांची कचेऱ्यांची जागा परत बांधायची होती, पोर्ट ऑथॉरिटीला उत्पन्न हवे होते आणि शहराला जिवंत वस्ती. २००३ मध्ये डॅनिएल लिबेस्किंड यांचा आराखडा निवडला गेला, परंतु मुख्य मनोऱ्याची रचना डेव्हिड चाइल्ड्स यांनी बदलली आणि पोलिसांच्या सुरक्षाविषयक आक्षेपांनंतर ती पुन्हा बदलावी लागली. २००६ मध्ये तडजोड झाली : मुख्य मनोरा पोर्ट ऑथॉरिटीकडे, तर दोन, तीन आणि चार क्रमांकाच्या इमारती सिल्व्हरस्टीन यांच्याकडे.

सात क्रमांकाची इमारत सर्वांत आधी, २००६ मध्ये, पूर्ण झाली. ‘वन वर्ल्ड ट्रेड सेंटर’ ३ नोव्हेंबर २०१४ रोजी उघडले. त्याची उंची १,७७६ फूट आहे. अमेरिकेच्या स्वातंत्र्याचे वर्ष १७७६, म्हणून हा आकडा. खर्च सुमारे ३९० कोटी डॉलर झाला. गाभ्याला जाड काँक्रीटच्या भिंती आहेत, जिने रुंद आहेत आणि अग्निशमन दलासाठी स्वतंत्र जिना आहे. सँतियागो कालात्रावा यांचे पंखांसारखे पांढरे रेल्वे स्थानक २०१६ मध्ये खुले झाले. त्याचा खर्च मूळ अंदाजाच्या दुप्पट झाल्याने टीकाही पुष्कळ झाली. मनोऱ्याखाली चिरडलेले सेंट निकोलस हे छोटे ग्रीक चर्च पुन्हा उभे राहून सर्वांसाठी उघडायला २०२२ उजाडले. दोन क्रमांकाचा मनोरा भाडेकरूच्या प्रतीक्षेत दीर्घकाळ पायाच्या पातळीवरच थांबून राहिला.

जुन्या मनोऱ्यांच्या जागी मात्र काहीही बांधलेले नाही. तेथे मायकेल अराड यांच्या कल्पनेतून दोन चौकोनी जलाशय झाले आहेत. त्यांच्या चारही बाजूंनी पाणी खाली कोसळते आणि मध्यातील खोल पोकळीत अदृश्य होते. कडेच्या कांस्यपट्ट्यांवर २,९८३ नावे कोरली आहेत. १९९३ चे सहा मृतही त्यांत आहेत. नावांचा क्रम वर्णानुक्रमाने लावलेला नाही. एकत्र काम करणारे, एकत्र प्रवास करणारे आणि नात्याने जोडलेले शेजारी यावेत, अशा हजारांहून अधिक विनंत्या कुटुंबांनी केल्या आणि त्या मानल्या गेल्या. ज्याचा वाढदिवस असेल त्याच्या नावात त्या दिवशी पांढरे गुलाब खोचले जाते.

या प्रांगणात ओकच्या चारशेहून अधिक झाडांमध्ये एक झाड वेगळे आहे. ऑक्टोबर २००१ मध्ये ढिगाऱ्यात नासपतीच्या जातीचे एक झाड होरपळलेल्या, मुळे तुटलेल्या स्थितीत सापडले. महापालिकेच्या कर्मचाऱ्यांनी ते ब्राँक्समधील रोपवाटिकेत नेऊन नऊ वर्षे जपले आणि डिसेंबर २०१० मध्ये मूळ भूमीत परत लावले. खोडाचा जळका, खडबडीत भाग आणि त्यावरून फुटलेल्या नव्या गुळगुळीत फांद्या यांतील फरक आजही दिसतो. वसंत ऋतूत ते पांढऱ्या फुलांनी भरून येते, आणि त्याच्या बियांपासून वाढवलेली रोपे आपत्ती सोसलेल्या अन्य गावांना दरवर्षी दिली जातात.